साडेपंचवीस पावलं

एकोणीस वर्षं मी माझ्या भावजयीशी बोलले नाही. लोक विचारतात, एवढं झालं तरी काय? जमीनजुमला? दागिने? मी म्हणते, छे हो, अर्धा सेकंद. मग ते एकमेकांकडे बघतात, बाईचा एखादा स्क्रू ढिला दिसतोय म्हणून. बघू देत. ज्याचं जळतं त्यालाच कळतं.

भावजय ती नंतर झाली. आधी मैत्रीण होती, आणि त्याच्याही आधी वैरीण. शंभर मीटरमध्ये ती पहिली आणि मी दुसरी, असं सहा वर्षं चाललं. तिचा चेहरा एक वेळ विसरेन, पण तिची पाठ मी गर्दीत ओळखेन. सगळे तिला गोगलगाय म्हणायचे, कारण ट्रॅक सोडला तर बाईसाहेबांना कशाचीच घाई नाही. अंघोळीला तास, जेवायला तास. बस सुटायची वेळ झाली तरी ही एक बूट पायात आणि एक हातात घेऊन बसलेली. मी दारातून ओरडायचे आणि ती शांतपणे म्हणायची, “चिडका बिब्बा चिडला वाटतं.” त्यावरून मी झाले बिब्बा. मैदानावरच्या माळ्यापासून डॉक्टरांपर्यंत सगळे मला बिब्बाच म्हणायचे. खरं नाव फक्त निकालाच्या कागदावर असायचं.

रिलेत मात्र आम्ही दोघी एका बाजूला असायचो. चौघींनी शंभर-शंभर मीटर पळायचं, बॅटन एकीच्या हातातून दुसरीच्या हातात द्यायचं. मी तिसरी, ती चौथी. आता हे नीट ऐका, कारण पुढचं सगळं यावर आहे. पुढची मुलगी मागे बघत बॅटन घेत नाही. बघायला गेली तर वेग मेलाच. शर्यतीआधी ती आपल्या जागेपासून मागे, टाचेला चवडा लावत, पावलं मोजत जाते आणि जमिनीवर एक पांढरी टेप चिकटवते. मागून येणारी त्या टेपवर आली की हिने जीव खाऊन सुटायचं. मागची ओरडते, “हात!” आणि पुढची न बघता डावा हात मागे करते. मागची जितकी वेगवान तितकी टेप लांब. ती मंदावली तर टेप जवळ आणावी लागते, नाहीतर पुढची निघून जाते आणि बॅटन मागचीच्याच हातात राहतं.

आमची टेप एकोणतीस पावलांवर होती. सहा वर्षं एकोणतीस. तिचा हात कुठे येणार हे मला झोपेतही ठाऊक होतं.

मग तिने माझ्या धाकट्या भावाशी लग्न केलं. मीच ओळख करून दिली होती, त्यामुळे बोलायची सोय नव्हती. घरात आई, भाऊ, ती आणि मी. छान चाललं होतं. म्हणजे मला छान वाटत होतं, निदान पहिले सहा महिने. मग आई तिला विचारून स्वयंपाक करायला लागली. भाऊ घरी आला की आधी तिच्या नावाने हाक मारायचा. साधंच आहे, बायको होती त्याची. पण मला ते टोचायचं, खोटं कशाला बोलू?

त्या वर्षीची फायनल माझी शेवटची होती. मी एकतिशीची. वळणावर मी अशी पळाले म्हणता, पायाखाली जमीन लागत नव्हती. आणि समोर बघते तर गोगलगाय उभीच! मी जवळ आले, आणखी जवळ आले, तरी ही उभीच. निघाली तेव्हा मी जवळजवळ तिच्या अंगावर होते. मला पाय रोवावे लागले, बॅटन तिच्या कोपरावर आपटलं, तिने कसंबसं पकडलं आणि पळाली. चौथ्या आलो आम्ही. तिसऱ्या नंबराच्या आणि आमच्या मध्ये अर्धा सेकंद.

संध्याकाळी घरी, जेवणाच्या टेबलावर, आईसमोर आणि भावासमोर मी तोंड सोडलं. “लग्न झालं आणि पाय जड झाले तुझे. पहिला नंबर तुझा, भाऊ तुझा, आता आईसुद्धा तुझीच. माझं म्हणून एक पदक होणार होतं, तेही खाल्लंस.” ती घास चावत होती. तिच्या चालीने चावला, गिळला, आणि म्हणाली, “हो. मी उशिरा निघाले.” एवढंच. कारण नाही, माफी नाही. मी पिशवी भरली आणि घर सोडलं. आई जिन्यापर्यंत आली होती. गोगलगाय टेबलावरून उठली नाही.

तेव्हापासून माझं घर दोन खोल्यांचं. क्लबमध्ये मुलींना पळायला शिकवते, संध्याकाळी कुकरची एकच शिट्टी, मग टीव्हीचा आवाज थोडा मोठा ठेवते. कुणी यायचं नसतं, तरी कप मात्र सहा घेऊन ठेवलेत. पाच कपाटात नवेकोरे आहेत. भाऊ दर रविवारी अकराला फोन करतो. “ताई, बरी आहेस ना?” “मेले नाही अजून.” मग तो पाच मिनिटं त्याच्या ऑफिसचं बोलतो. तिचं नाव तो काढत नाही आणि मी विचारत नाही. सहा वर्षांपूर्वी आई गेली तेव्हा मी चार दिवस त्या घरात होते, पाहुण्यांसारखी खुर्चीवर बसून. गोगलगाय चहा आणून माझ्या हाताजवळ ठेवायची, बिनसाखरेचा, मला लागतो तसा. मी प्यायचे. दोघींनी तोंडातून शब्द काढला नाही. आपली जिद्द म्हणजे जिद्द.

दोन वर्षांपूर्वी क्लबच्या चाचणीला तीसेक मुली आल्या होत्या. त्यातली एक वाकून बुटाची नाडी बांधत होती, माझ्याकडे पाठ करून. तीच पाठ. माझी भाची होती. सोळा वर्षांची, मी तिला एकूण पाच-सहा वेळा पाहिली असेल. तिने वर बघितलं आणि म्हणाली, “गुड मॉर्निंग, मॅडम.” कुणी शिकवलं होतं कोण जाणे. आत्या म्हण, असं माझ्या तोंडातून निघालं नाही. मग मॅडमच राहिलं.

पळते मात्र आईसारखी. मी तिला रिलेत चौथी ठेवली. तिच्याआधी तिसरी पळायची लंबू, उंच, हसरी, बेकरीत कामाला. दोघींचं मेतकूट असं की एकीला ठेच लागली तर दुसरी लंगडायची. लंबूच्या डब्यातला पाव भाची खायची आणि भाचीच्या वहीवर लंबूची चित्रं. मी लांबून बघायचे. बघायला काही पैसे पडत नाहीत.

हा गेला आठवडा. शनिवारी निवडीची शर्यत, पहिल्या दोन संघांतल्या मुली वर्षभराच्या शिबिराला जाणार. राहणं, खाणं, शिक्षण, सगळं तिथेच. असल्या मुलींना अशी संधी दुसऱ्यांदा येत नाही. चार नावं शुक्रवारी संध्याकाळपर्यंत मला द्यायची होती. आणि गुरुवारी सरावात घड्याळ मला सांगत होतं की तिसऱ्या आणि चौथ्या मुलीच्या मध्ये काहीतरी सांडतंय. तीनदा पळवलं. तीनदा तेच. लंबू येतेय, येतेय, आणि भाची उभीच.

माझं डोकं सणकलं. खाण तशी माती, म्हटलं. आईने माझं पदक खाल्लं, आता मुलगी या पोरींचं शिबिर खाणार. तिथल्या तिथे ठरवलं, हिचं नाव कापायचं.

“इकडे ये,” मी म्हटलं. “टेप कितीवर आहे?”

“अठ्ठावीस, मॅडम.”

“मोज.”

ती हलली नाही. मी म्हटलं, “कानात बोळे घातलेत का? मोज म्हणते ना!” मग ती टाचेला चवडा लावत मोजायला लागली, हळूहळू, जणू मध्येच जमीन संपेल अशी आशा होती. वीस. चोवीस. पंचवीस. अर्धं पाऊल, आणि टेप आली.

“साडेपंचवीस,” ती खाली बघत म्हणाली.

“हे काय आहे?”

लंबू पाण्याच्या नळावर होती, लांब. भाचीने आधी तिकडे बघितलं. “मॅडम, ती हल्ली मंदावलीय. पहाटे चारपासून भट्टीसमोर उभी असते. अठ्ठावीसवर ठेवली तर ती पोचत नाही माझ्यापर्यंत. तुमच्या लक्षात आलं तर तिला काढाल. म्हणून मी अर्धं-अर्धं पाऊल करत जवळ घेतली. प्लीज, तिला नका सांगू.”

“आणि आज ती जरा बरी पळाली, तर तुझ्या अंगावर आली. दिसलं ना?”

“हो.”

“ही टेप चोरून सरकवायची अक्कल कुठून आली तुला?”

ती बुटाने टेपची कड खरडायला लागली. मी पुन्हा विचारलं. मला वाटलं होतं, मैत्रिणींकडून म्हणेल.

“आईकडून,” ती म्हणाली. “म्हणजे आई म्हणाली होती, असं करू नकोस. तिने केलं होतं. म्हणाली, आजच्या आज लंबूला सांगून टाक, माझ्यासारखी गप्प बसू नकोस. पण मला नाही जमलं, आत्या.”

दोन वर्षांत पहिल्यांदा तिने मला आत्या म्हटलं, आणि तेही कुठल्या वेळी बघा.

मी विचारलं, “आईने कुणासाठी केलं होतं?” उत्तर मला कळलेलं होतं. तरी विचारलं. माणूस गाढव असतो.

“तुमच्यासाठी.”

“मग मला सांगायला काय धाड भरली होती तिला?”

भाचीच्या डोळ्यांत पाणी आलं होतं, पण आईसारखीच सरळ बोलली. “आई म्हणाली, तिच्याकडे पळण्याशिवाय दुसरं होतं काय?”

मी सराव संपवला. मुलींना वाटलं मला बरं नाही. सगळ्या गेल्यावर मी खाली बसून ती टेप नखाने सोडवली आणि खिशात टाकली. का, ते मला सांगता येणार नाही.

घरी आले. कुकर लावला नाही. टीव्हीही लावला नाही. खुर्चीत बसून त्या वर्षाचे एकेक दिवस आठवत बसले. सराव संपल्यावर गोगलगाय मागे रेंगाळायची, टेप काढून पुन्हा लावायची. मी म्हणायचे, चल ना गं, किती वेळ! मला वाटायचं, हिची गोगलगायगिरी. बाई माझी पावलं कमी करत होती. आणि मला कळलंच नव्हतं की मी मंदावले. कसं कळणार? दर वेळी हात बरोब्बर जागेवर यायचा. मला राग आला, खरंच आला. सांगितलं असतंस तर मी बाजूला झाले असते, राखीव मुलगी पळाली असती, चौघींना पदक मिळालं असतं. मग म्हटलं, बिब्ब्या, खोटं बोलू नकोस. तू बाजूला झाली नसतीस. तू तिचं डोकं फोडलं असतंस. तिच्याकडे दुसरं होतं काय? हे वाक्य त्या खोलीत माझ्याबरोबर बसलं होतं. नव्याकोऱ्या पाच कपांकडे बघून मला रडू आलं. आईच्या वेळीही इतकं आलं नव्हतं.

शुक्रवारी मी लंबूला एकटीला पळवलं, घड्याळ लावून, आणि आकडा तिला दाखवला. “तू मंदावलीयस,” मी म्हटलं. “उद्या तुझ्या जागी राखीव मुलगी पळेल. बेकरीची पाळी बदलून घे, मी मालकाशी बोलते. दोन महिन्यांत जुनी वेळ आली तर जागा तुझी. हे तुला महिन्याभरापूर्वीच कळायला हवं होतं. माझं लक्ष नव्हतं, ही माझी चूक.” लंबूने आकडा पुन्हा एकदा वाचला. मग सरळ भाचीकडे गेली आणि म्हणाली, “तुला माहीत होतं?” भाचीने मान हलवली, हो म्हणून. “मला मूर्ख बनवलंस,” लंबू म्हणाली, पिशवी उचलली आणि गेली. भाची माझ्याकडे अशी बघत होती, जणू मीच काडी लावली. आता सांगा, गप्प बसलं तरी तुटतं आणि बोललं तरी तुटतं. मग माणसाने करायचं काय?

मी भाचीला म्हटलं, “नवीन मुलीसाठी टेप अठ्ठावीसवर लाव. उद्या संध्याकाळी लंबूच्या घरी जा. दार उघडलं नाही तर परवा जा. एकोणीस वर्षं थांबू नकोस.” तिने डोळे पुसले आणि टेपचं रीळ उचललं. आणि नाव मी तिचंच दिलं, चौथ्या जागेवर.

शनिवारी शर्यत दुपारची होती. अठ्ठावीसवर टेप, हात जागेवर, बॅटन तळहातावर ठप्प. दुसऱ्या आल्या आमच्या पोरी. चौघी एकमेकींच्या गळ्यात पडल्या, आणि भाची मान वळवून कुणाला तरी शोधत होती. लंबू आली होती. लांब, कुंपणाजवळ उभी होती. टाळ्या वाजवत नव्हती, पण आली होती.

मग मी मागच्या बाजूने प्रेक्षकांच्या पायऱ्यांवर चढले आणि वरून बघितलं. सगळ्यात खालच्या ओळीत ती पाठ होती. जाड झालेली, खांद्यांतून वाकलेली, पण तीच. भाऊ आला नव्हता. शेजारच्या जागेवर तिची पिशवी, मांडीवर डबा. पोरगी निवडली गेली तरी बाई जेवत होत्या. शर्यतीआधी सुरू केलेला डबा अजून संपला नव्हता.

मी ओळीओळीने खाली उतरले. गुडघे कुरकुरत होते. तिच्या मागच्या ओळीत येऊन उभी राहिले. काय बोलायचं ते रात्रभर ठरवलं होतं, म्हणजे पाठच केलं होतं. त्यातलं एक अक्षर आठवेना. तोंडातून निघालं ते भलतंच.

“हात!”

तिच्या उजव्या हातात चमचा होता. डावा मागे आला. न बघता, तळहात वर, अंगठा बाहेर, जिथे यायचा तिथेच. मग तिचं तिलाच कळलं असावं, कारण खांदे एकदम ताठ झाले. पण हात तिने तसाच ठेवला.

आणि माझ्याकडे द्यायला काही नव्हतं. खिसे चाचपले, तर ती टेप हाताला लागली, गोळा झालेली, मातीने काळी पडलेली. तीच तिच्या तळहातावर ठेवली.

तिने हात पुढे घेतला आणि बघत राहिली. गोगलगाय ती, तिला वेळ लागणारच. मी उभीच होते.

“किती होतं?” तिने समोर बघतच विचारलं. एकोणीस वर्षांनंतरचे हे पहिले शब्द.

“साडेपंचवीस.”

“बरंच बरं म्हणायचं. तुझं चोवीसवर आलं होतं.”

“चोवीस?” माझा आवाज फाटला. “एकोणतीसवरून चोवीस?”

“आणि नेमकं त्याच दिवशी तू एकोणतीसचं पळालीस, मेले. सगळं वर्षभर मागे, आणि फायनलला वाऱ्यासारखी. मला काय स्वप्न पडलं होतं?” ती हसली की रडली, पाठीवरून मला कळेना. “तू पळालीस तशी मी कुणाला पळताना बघितलं नाही, बिब्ब्या. मी बघतच राहिले. म्हणून आणखी उशीर झाला.”

मी म्हटलं, “मला सांगितलं का नाहीस?”

“सांगितलं असतं तर तू माझ्याशी बोलणं सोडलं असतंस.”

“ते तसंही सोडलंच.”

“हो,” ती म्हणाली. “पण मला एक वर्ष जास्त मिळालं.”

खाली पोरी फोटो काढून घेत होत्या. तिने टेप डब्याच्या झाकणावर ठेवली, चमचा आत ठेवला आणि शेजारच्या जागेवरची पिशवी उचलून मांडीवर घेतली. माझ्याकडे तिने अजून वळून बघितलं नव्हतं.

“ये आता,” ती म्हणाली. “मला डबा संपवायला वेळ लागेल.”